काटेरी कोळी (गॅस्टरकॅन्था जेमिनाटा): वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दरवर्षी गणपती गेले की माझ्या व्हॉट्सॲपवर एकाच कोळ्याचे फोटो यायला लागतात. कोणाच्या पोफळीच्या बागेतला, कोणाच्या ट्रेकच्या वाटेवरचा, कोणाच्या मागल्या दारच्या जास्वंदीवरचा, आणि खाली तेच प्रश्न: हे काय आहे, विषारी आहे का, मारू का. मी दरवेळी वेगळं उत्तर टाईप करत बसतो, म्हणून आता जे जे विचारलं गेलंय ते सगळं एकदाच लिहून काढलंय. घाईत असाल तर एवढंच वाचा: मारू नका, तो तुम्हाला काहीही करत नाही.

हा कोळीच आहे ना? आम्हाला तर खेकड्याचं पिल्लू वाटलं.

कोळीच आहे, आणि खेकडा वाटला त्यात तुमची काही चूक नाही. अंग रुंद, पाठ कवचासारखी कडक, पाय आखूड आणि कडेने काटे, त्यामुळे पहिल्यांदा बघणाऱ्याला खेकडाच आठवतो. अमेरिकेत याच कुळातली (इथे कुळ म्हणजे जीनस, जवळच्या जातींचा गट) एक जात आहे, तिला लिनियसने 1758 मध्ये कॅन्क्रिफॉर्मिस असंच नाव दिलं, म्हणजे खेकड्याच्या आकाराची. आपल्याकडची जात म्हणजे गॅस्टरकॅन्था जेमिनाटा. ती भारतात आणि श्रीलंकेत सापडते आणि आपल्या सह्याद्रीत ती घरचीच आहे. आणि हो, कोळी हा किडा नाही. किड्यांना सहा पाय असतात, याला आठ.

ओळखायचा कसा?

जाळ्यात बसलेली दिसते ती मादी, म्हणून तिचंच सांगतो. आकाराने एक सेंटीमीटरच्या आतबाहेर, म्हणजे काटे धरून साधारण शर्टाच्या बटणाएवढी. लांबीपेक्षा रुंदी जास्त. पाठीवर पांढुरके-पिवळसर आणि काळे असे आडवे पट्टे, आणि पोटाच्या कडेला सहा काटे, त्यातले बाजूचे मधले दोन सगळ्यात ठळक. काट्यांचा रंग कधी तांबूस तर कधी जवळजवळ काळा.

आता एक गोष्ट फोटो झूम करून बघा. पाठीवर ओळीत छोटे छोटे खळगे दिसतील, कोणीतरी टाचणीने दाबल्यासारखे. बरेच जण त्यांना डोळे समजतात. डोळे तिथे नसतात, ते पुढच्या भागावर असतात, आठ, आणि वरून बघितलं तर त्या रुंद कवचाखाली सहज दिसतही नाहीत. हे खळगे म्हणजे आतल्या बाजूने स्नायू जिथे चिकटलेले असतात त्या जागा. बहुतेक कोळ्यांचं पोट मऊ असतं, बोटाने दाबलं तर फुटेल असं, हिचं मात्र टणक.

विषारी आहे का? चावला तर?

जवळपास सगळ्याच कोळ्यांना विष असतं, कारण त्यांना माश्या-चिलटं गार करायची असतात. पण माणसाला धोका होईल असं या कोळ्यात काही नाही. तो अंगावर धावून येत नाही, पाठलाग करत नाही, घरात शिरून अंथरुणात बसत नाही. जाळं हललं की एकतर जागच्या जागी गच्च बसतो नाहीतर धाग्यावरून सरकत पानाआड जातो. माझ्या तोंडावर त्याचं जाळं कितीतरी वेळा आलंय, चष्म्यावर मादी बसलेलीसुद्धा एकदा, पण चावा एकदाही नाही. मुठीत दाबला तर कोणीही चावेल, तसा हाही चावेल. तसं झालंच तर साबणाने धुवा, थंड पाण्याची पट्टी ठेवा, आणि सूज वाढत गेली तर डॉक्टरला दाखवा.

काटे टोचतात का असंही विचारतात. काट्यात विष नसतं.

मग "कोळी मुतला" की अंगावर फोड येतात ते काय?

हा प्रश्न आला की मी जरा जास्तच लिहितो, कारण याच समजुतीपायी कितीतरी कोळी झाडूखाली जातात. कोळी मुतल्याने असे फोड येत नाहीत. सकाळी उठल्यावर मानेवर किंवा दंडावर भाजल्यासारखा लाल पट्टा आणि त्यावर बारीक फोड, असं पावसाळ्यात होतं त्याचं एक नेहमीचं कारण म्हणजे पीडेरस नावाचा भुंगेरा. लांबुडका, काळा-नारिंगी, मोठ्या मुंगीएवढा. रात्री ट्यूबलाईटला येतो, अंगावर बसतो, आपण झोपेत चिरडतो आणि त्याच्या अंगातलं पीडेरिन नावाचं रसायन कातडीला लागतं. दुसरं कारण म्हणजे नागीण, ती विषाणूने होते आणि तिला वेळेत औषध लागतं. म्हणून असा पट्टा उठला तर कोळ्यावर ढकलून घरगुती लेप लावत बसू नका, दवाखान्यात जा.

एवढे काटे कशासाठी?

सरळ विचार करा, हा कोळी दिवसाढवळ्या उघड्यावर जाळ्याच्या मधोमध बसलेला असतो. लपायला जागा नाही, पळायचा वेगही फार नाही. अशा वेळी टणक पाठ आणि सहा काटे असले की पक्ष्याला तो घास नकोसा होत असणार, असं मानलं जातं. पण कवच म्हणजे अमरपट्टा नव्हे. कुंभारमाश्या, म्हणजे भिंतीवर मातीची घरटी करणाऱ्या गांधीलमाश्या, कोळ्यांना डंख मारून लुळं करतात आणि घरट्यात पिल्लांसाठी जिवंत साठवून ठेवतात.

जाळ्याच्या धाग्यांवर पांढरे पांढरे ठिपके असतात ते काय? अंडी का?

नाही, अंडी नव्हेत. ते रेशमाचेच पुंजके आहेत, कापसाची बारीक वात तोडून जागोजागी चिकटवल्यासारखे. जाळं ताणून धरणारे जे लांब धागे असतात त्यांच्यावर ते जास्त दिसतात. जाळं नजरेला येण्याआधी हे ठिपकेच हवेत तरंगताना दिसतात, आणि बहुतेक तोच त्यांचा उपयोग असावा: उडत्या पक्ष्याला "इथे जाळं आहे" हे दिसावं आणि इतका वेळ खर्चून विणलेलं जाळं फाटू नये. भक्ष्याला भुलवायला ठिपके असतात असंही मत आहे आणि यावर अभ्यासक अजून वाद घालतात. मला स्वतःला पहिलं मत पटतं, कारण मी स्वतः कितीतरी वेळा ते ठिपके बघून थबकलोय.

जाळं कधी विणतो? बघायला मिळेल का?

मिळेल, पण पहाटे उठावं लागेल. मी पहिल्यांदा पूर्ण बघितलं ते आंबोलीला, सप्टेंबरमध्ये, पाऊस दोन दिवस उघडला होता. साडेपाचला टॉर्च घेऊन बसलो, टॉर्चवर लाल कागद लावला होता. मादीने चौकट आणि मधून निघणारे आरे आधीच ताणून ठेवले होते, सायकलच्या चाकासारखे. मग मधून बाहेर जात तिने विरळ असा एक गोल फेरा घातला, तो चिकट नसतो, तो फक्त पाय ठेवायला, गवंडी परांची बांधतो ना तसा. आणि मग खरं काम सुरू झालं, बाहेरून आत. प्रत्येक आऱ्याशी आली की मागच्या पायाने पोटाच्या टोकाकडून धागा ओढून घ्यायचा, आऱ्याला टेकवायचा, पुढे, परत ओढायचा, परत टेकवायचा, आणि जाता जाता ती जुनी परांची कापत जायची. कुठेही थांबणं नाही, विचार करणं नाही. नवीन धाग्यावर चिकट द्रव असतो, तो क्षणात बारीक बारीक थेंबांत गोळा होतो, टॉर्च तिरका धरला की माळेसारखा दिसतो. उजाडेपर्यंत तिचं काम संपलं होतं आणि ती मधे जाऊन उलटी, डोकं खाली करून बसली. माझ्या पायाला मुंग्या आल्या होत्या, पण उठवत नव्हतं.

जुनं जाळं काय होतं? असे बरेच गोल जाळेवाले कोळी ते चक्क खाऊन टाकतात. रेशीम म्हणजे प्रोटीन, ते फुकट का घालवायचं, परत पोटात घेऊन त्याचं नवीन रेशीम होतं.

खातो काय? डास कमी होतील का?

चिलटं, माश्या, तुडतुडे, डास, पंखवाल्या मुंग्या, जे उडत येऊन अडकेल ते. डासही त्यात असतात, पण चार जाळी आहेत म्हणून मच्छरदाणी काढून ठेवू नका. बागायतीत मात्र याची खरी किंमत आहे. तुडतुडे आणि बारीक माश्या दिवसभर त्या जाळ्यांत अडकत असतात, एक पैसा खर्च न करता. आणि आपण कीटकनाशक मारलं की कीड मरते तसे हेही मरतात, पण कीड लवकर परत येते आणि कोळी यायला बराच वेळ जातो.

कधी कधी त्याच जाळ्याच्या कडेला चांदीच्या थेंबासारखे अगदी पिटुकले कोळी दिसतात. ती पिल्लं नव्हेत. ते आर्जिरोडिस नावाचे दुसरेच कोळी, दुसऱ्याच्या जाळ्यात राहून त्यात अडकलेलं बारीकसारीक खाऊन जगणारे.

नर कुठे असतो? आम्हाला कधीच दिसला नाही.

असतो, पण बारीक, मादीपुढे काहीच नाही, आणि त्याचे काटेही नावाला. जाळ्याच्या मधोमध शोधू नका, कडेच्या धाग्यावर बघा. अमेरिकेतल्या जातीवर याचा जास्त अभ्यास झालाय, तिथे नर मादीच्या जाळ्याच्या धाग्यावर ठराविक ठेक्यात, चार-चारच्या टिचक्या मारत जवळ जातो. म्हणजे "मी खाणं नाही, मी नर आहे" हे कळवणं. मादीला जे काही कळतं ते बहुतेक धाग्याच्या थरथरीतूनच.

अंडी कुठे घालतो? एका वेळी किती?

परत त्या अमेरिकेतल्या चुलतबहिणीचं उदाहरण देतो. ती पानाच्या खालच्या बाजूला अंडी घालते, एका पुंजक्यात शंभर ते अडीचशे, वर पिवळट-पांढऱ्या रेशमाचं पांघरूण आणि त्यावर गडद हिरव्या धाग्याची एक ओळ. अंडी घालून झाली की मादी मरते. म्हणजे पिल्लं बाहेर येतात तेव्हा आई नसते आणि जाळं विणायला त्यांना कोणी शिकवत नाही, तरी पहिलंच जाळं गोल. कोळ्यांची अशी पिल्लं धागा वाऱ्यावर सोडून त्याच्यासोबत उडत दुसरीकडे जातात. पानाखाली रेशमी पुंजका दिसला तर ते पान तोडू नका एवढंच माझं म्हणणं.

कुठे आणि कधी बघायला मिळेल?

दाट जंगलाच्या पोटात शिरायची गरज नाही. जंगलाची कड, पायवाट, ओढ्याकाठ, देवराईच्या बाहेरचा झाडोरा, पोफळीची बाग, गोव्यात कुळागर. दोन झुडपांच्या मधे जिथे वारा खेळतो आणि ऊन-सावली असते तिथे बघा, गुडघ्यापासून डोक्यापर्यंत कुठेही, कधी त्याच्याही वर. पावसाचा जोर ओसरला की, भाद्रपद-आश्विनापासून थंडी सुरू होईपर्यंत मला सगळ्यात जास्त दिसतात.

एक युक्ती: कोळी शोधू नका, उन्हाकडे तोंड करून जाळं शोधा. आणि जाळं तिरकं असेल तर मादी खालच्या अंगाला लटकलेली असते, म्हणून तिची पाठ बघायला खाली बसून वर बघावं लागतं. उभ्या उभ्या बघून "काळा ठिपका होता" म्हणत पुढे गेलेले लोक मी पाहिलेत. वाका जरा, गुडघ्याला माती लागू द्या.

याच्यासारखे दिसणारे दुसरे कोण?

भारतात काट्यांचे कोळी बरेच आहेत, गोंधळ होणारच. पाठ पिवळी-केशरी आणि त्यावर काळे ठिपके असतील तर तो हॅसेल्टी असू शकतो, त्याचे बाजूचे काटे लांब असतात. तो आधी गॅस्टरकॅन्थातच मोजायचे, आता मॅक्राकॅन्था या वेगळ्या कुळात घेतलाय. त्याच मॅक्राकॅन्थातला आर्कुआटा म्हणजे बैलाच्या शिंगांसारखे दोन भलेमोठे वाकडे काटे, पण तो बघायचा तर ईशान्य भारतात आणि पुढे आग्नेय आशियात. पांढऱ्या पाठीवर काळे डाग असतील तर कुहली. काटे अगदी बुटके, जणू खुंट, तर थेलाकॅन्था.

जाळ्यात इंग्रजी एक्स काढल्यासारखा पांढरा नागमोडी पट्टा असतो तो सिग्नेचर स्पायडर. आणि हाताच्या पंजाएवढा, लांब पायांचा, सोनेरी जाळ्याचा तो जायंट वूड स्पायडर. या दोघांचा काटेरी कोळ्याशी घोटाळा करू नका.

नावाचा अर्थ काय? मराठी नाव आहे का?

गॅस्टर म्हणजे पोट, अकॅन्था म्हणजे काटा, दोन्ही ग्रीक. हे कुळ 1833 मध्ये सुंडेव्हाल या स्वीडिश अभ्यासकाने पाडलं, आज त्यात सत्तरच्या आसपास जाती आहेत. जेमिनाटा म्हणजे लॅटिनमध्ये जोडीचं, दुहेरी. ही जात त्याच्याही आधी, 1798 मध्ये, लिनियसचा शिष्य फॅब्रिशियस याने नोंदवली. म्हणजे पेशवाई अजून चालू होती तेव्हा आपल्या भागातला हा कोळी युरोपातल्या पुस्तकात जाऊन बसला होता. 1900 मध्ये पोकॉकने ब्रिटिश भारतातल्या कोळी-विंचवांवर मोठा ग्रंथ काढला, आपल्याकडच्या कोळ्यांचा अभ्यास करणारे आजही तो उघडतात.

मराठीत सगळे काटेरी कोळीच म्हणतात. या एका जातीला वेगळं नाव मी तरी ऐकलेलं नाही. तुमच्या गावात असेल तर मला नक्की कळवा, मी लिहून ठेवतोय.

इतका भडक रंग असेल तर भक्ष्य पळून जात नाही का?

हा प्रश्न एका सातवीतल्या मुलीने विचारला आणि मला अजूनही तो सगळ्यात चांगला वाटतो. ऑस्ट्रेलियात याच कुळातल्या फॉर्निकाटावर प्रयोग झाला, 2002 मध्ये प्रसिद्ध झाला: काही माद्यांची पिवळी पाठ काळ्या रंगाने झाकली, तर त्यांच्या जाळ्यात भक्ष्य कमी अडकलं. म्हणजे तिथे भडक रंगाने किडे उलट ओढले जात होते, कदाचित फूल समजून. पण 2012 मध्ये अमेरिकेतल्या जातीवरचा अभ्यास आला त्यात रंगाचा शिकारीला फायदा दिसला नाही. म्हणजे एका बहिणीला लागू ते दुसरीला लागू नाही. आपल्या जेमिनाटाचं काय, हे कोणीतरी इथल्या मुलांनी करून बघण्यासारखं काम आहे.

फोटो कसा काढू?

मोबाईलला लावायची क्लिप-लेन्स पुरते. पाठीमागे अंधारी जागा आणि कडेने ऊन असेल तर जाळं आपोआप उठून दिसतं. सकाळी लवकर जा, वारा कमी असतो. श्वास जाळ्यावर सोडू नका, तेवढ्याने ते हलतं. आणि कृपा करून जाळ्यावर पीठ किंवा टाल्कम पावडर टाकू नका. जाळं छान उठतं हे खरं, पण चिकटपणा गेला, म्हणजे त्या मादीची सकाळची सगळी मेहनत गेली आणि दिवसभराचं जेवणही.

जाळं अगदी वाटेवर आहे, काय करू?

शक्य असेल तर बाजूने किंवा वाकून जा. नाहीच जमलं तर एका कडेचा लांब धागा काडीने हळूच सोडवून दुसऱ्या बाजूच्या फांदीला टेकवा, जाळं पडद्यासारखं बाजूला होतं आणि मादी आपणहून त्या झुडपात जाते. आमची आई पूर्वी झाडू घेऊनच मागल्या दारी यायची. एकदा तिला खाली बसवून वर बघायला लावलं, ती बराच वेळ काही बोललीच नाही, मग म्हणाली, "अरे, ही तर कशिदा काढून बसलीय." त्यानंतर ती तुळशीकडे जाताना अर्धं अंगण वळसा घालून जाते.

घरी बरणीत ठेवून पाळता येईल का?

नको. तिला वारा लागतो, धागे ताणायला मोकळी जागा लागते, बरणीत ती जाळं विणू शकत नाही आणि उपाशी मरते. मुलांना दाखवायचीय तर मुलांना तिच्याकडे न्या.

पूर्वी जास्त दिसायचे, आता कमी झालेत का?

माझ्या वाटेचं सांगतो. आमच्या घराजवळ एक गडगा, म्हणजे दगडांचा बांध आहे, त्याच्या कडेने दिंडा, करवंद, रानजाई असा दाट झाडोरा होता, दोन वर्षांपूर्वीपर्यंत त्या शंभर पावलांत मी एका सकाळी अकरा माद्या मोजल्या होत्या. मग बाजूची जागा विकली गेली, नव्या मालकाने "स्वच्छ" करायची म्हणून ग्रासकटर फिरवला, वर तणनाशक मारलं. झाड एकही तोडलं नाही, हे तो आवर्जून सांगतो आणि ते खरंही आहे. पण या कोळ्याला झाड पुरत नाही, त्याला दोन झुडपांमधली ती हातभर जागा लागते आणि तीच गेली. गेल्या आश्विनात त्याच वाटेवर एक मादी दिसली, तीही गडग्याच्या अगदी टोकाला, जिथे कटर पोचला नव्हता.

म्हणून तुमची बाग असेल तर सगळीकडे बेणणी करा पण कुंपणाच्या कडेचा दोन हात पट्टा तसाच राहू द्या, निदान दिवाळी होईपर्यंत तरी.

दिसला तर कुठे कळवायचं?

आयनॅचरलिस्ट नावाचं फुकट ॲप आहे, त्यावर फोटो टाका, तारीख आणि जागा आपोआप जाते. तीन फोटो काढा: पाठीचा, पोटाच्या बाजूचा आणि कडेने काटे दिसतील असा. फक्त पाठीच्या एका फोटोवरून जात पक्की करणं कधी कधी अवघड जातं. आणि जमलं तर शेजारी कुठलं झाड होतं, जाळं किती उंचावर होतं, आणि त्या वाटेवर एकूण किती होते, हेही लिहा. मी माझ्या गडग्यावरचे आकडे असेच टाकतो, ती एक मादी दिसली होती तीसुद्धा.